एका रिमसाठी शिष्टाई

माझ्या गाडीची पुढची उजवी रिम अबू फव्वाजकाकांच्या दारातल्या गतिरोधकावर फुटली. हा गतिरोधक नगरपालिकेचा नाही. काकांनी तो स्वतः घातला, दोन पोती सिमेंट आणून. आयुष्यभर अम्मानजवळच्या सल्ट गावातली भांडणं मिटवणाऱ्या माणसाच्या दारावरून गाड्यांनी वेग कमी न करता जावं, हे त्यांना बरं वाटत नव्हतं. गतिरोधकाची उंची चौदा सेंटिमीटर आहे. मी मोजली आहे.

बुधवारी दुपारी धक्का बसला आणि संध्याकाळपर्यंत टायरमधली हवा गेली. मी चाक काढून साबणाचं पाणी ओतलं, तर टायर धड होता. बुडबुडे रिमच्या आतल्या कडेवरून येत होते, केसाएवढ्या रेघेतून. रेघ चार सेंटिमीटर लांब होती.

एरवी मी आठवडाभर थांबले असते. पण रविवारी, म्हणजे इथल्या आठवड्याच्या पहिल्या दिवशी, सकाळी सात वाजता मला शूनाच्या मुलींच्या शाळेत हजर व्हायचं होतं. शूना खाली खोऱ्यात आहे, आणि तिथल्या शाळेत भौतिकशास्त्राची खरी प्रयोगशाळा आहे. माझ्या आधीच्या शाळेत प्रयोगशाळा म्हणजे एक कपाट होतं. त्यात एक मुका ॲमीटर आणि मुख्याध्यापिकाबाईंच्या नमाजाच्या चटया असत. सहा वर्षं मी बदलीचे अर्ज केले. आदेश आला, त्याच्या दुसऱ्या परिच्छेदात लिहिलं होतं की पहिल्या दिवशी हजर न राहिल्यास नेमणूक रद्द होऊन यादीतल्या पुढच्या नावाला जाईल. पुढचं नाव कोणाचं आहे हे मला ठाऊक होतं. तिचे काका माझ्या काकांपेक्षा मोठे होते.

सल्टहून खोऱ्यात जाणारी बस भरली की सुटते, आणि ती नऊला भरते. टॅक्सीवाले पहाटे सहाचं विचारलं की ‘इन्शाअल्लाह’ म्हणतात, आणि त्या शब्दावर नोकरी टांगून ठेवता येत नाही. राहिली माझी गाडी. डिकीतलं जादा चाक बारीक, सायकलला शोभेल असं. त्याच्यावरच छापलेलं आहे की दुरुस्तीवाल्यापर्यंत जा, पुढे जाऊ नका. आणि शूनाचा रस्ता तीसेक किलोमीटरांत हजार मीटर खाली उतरतो.

काका बातमी ऐकून आले आणि चाकाकडे न बघता म्हणाले, “वेल्डिंग मार, पोरी. माझ्या पिकअपच्या रिमला तीन जोड आहेत.”

“काका, तुमची पिकअप सात वर्षं अंगणात उभी आहे.”

“उभी आहे ना? पडली का?”

ॲल्युमिनियमची रिम भट्टीत तापवून कडक केलेली असते, जोड मारला की त्या जागी ती पुन्हा मऊ होते, हे मी सांगायला लागले. काकांनी आईकडे वळून विचारलं, “ही घरात पण असंच बोलते?”

“घरात कमी बोलते,” आई म्हणाली.

मग ठरलं की गुरुवारी शाळा सुटल्यावर अम्मानला, बयादरच्या कारखान्यांच्या वस्तीत, अबू जरीरच्या दुकानात जायचं. तिथे जुन्या रिम मिळतात. मी एका कागदावर पाच आकडे लिहिले. व्यास पंधरा इंच. रुंदी सहा. पाच भोकं, शंभर मिलिमीटर व्यासाच्या वर्तुळावर. मधलं मोठं भोक ५४.१ मिलिमीटर. आणि रिमची मधली रेघ व बसण्याचा पृष्ठभाग यांतलं अंतर पंचेचाळीस. यातला एक चुकला तरी चाक एकतर बसत नाही, किंवा बसतं आणि नंतर निघतं.

काका बरोबर आले. एकटी बाई गेली तर तिला बाईचा भाव सांगतात, म्हणाले.

अबू जरीरचं दुकान म्हणजे एक लांब भिंत होती आणि तिच्यावर छतापर्यंत खिळ्यांना टांगलेल्या रिम. वरच्या मजल्यावर त्याचं घर. तो स्वतः दारात प्लास्टिकच्या खुर्चीवर बसला होता, पोट मांडीवर, हातात चहाचा पेला. मी कागद पुढे केला. त्याने तो न वाचता परत दिला.

“बाई, कागद कशाला? गाडीला बोल्ट किती?”

“पाच.”

“रिमला भोकं किती?”

“पाच.”

“मग जुळलं! अजून काय पत्रिका बघता?”

“पाच बोल्ट कोणत्या वर्तुळावर आहेत ते बघावं लागतं,” मी म्हणाले. “माझ्या गाडीचं शंभर आहे. बऱ्याच गाड्यांचं एकशे चौदा पूर्णांक तीन असतं.”

“चौदा मिलिमीटर?” त्याने अंगठा आणि तर्जनी जवळ आणून दाखवली. “एवढंसं? नातेवाइकांत याहून जास्त अंतर असतं आणि एका ताटात जेवतात. भोकं जरा लांबट करून देतो.”

काका हसले. तेवढ्यावर त्यांचं आणि त्याचं जमलं असं मला वाटलं. मी माझा व्हर्निअर कॅलिपर पिशवीतून काढला आणि भिंतीजवळ गेले. चौदा सेट मोजल्यावर खालच्या रांगेत, जिन्याशेजारी, मला हव्या त्या चार सापडल्या. सात आऱ्यांच्या, करड्या रंगाच्या, धुळीने भरलेल्या. पंधरा, सहा, शंभर, पंचेचाळीस. मधलं भोक मी तीनदा मोजलं. ५४.१.

“यातली एक द्या,” मी म्हणाले.

“एक नाही मिळत. चार घ्या.”

“मला एकच हवी आहे.”

“सेट म्हणजे कुटुंब असतं, बाई. मी कुटुंब फोडत नाही.”

मला वाद नको होता. चार तर चार, म्हणून मी पाकीट काढलं. काकांनी माझ्या हातावर हात ठेवला.

“ठेव ते आत. अबू फव्वाजची पुतणी नको असलेल्या तीन रिमचे पैसे देणार? लोक काय म्हणतील?”

“काका, लोकांना कळणार नाही.”

“मला कळेल!” आणि मग ते अबू जरीरकडे वळले. त्यांनी आपल्या घराण्याचं नाव सांगितलं. त्याने आपल्या घराण्याचं सांगितलं. कोणाच्या आजोबांनी कोणाच्या आजोबांना कोणत्या दुष्काळात गहू दिला, ते निघालं. दोघांच्या मते गहू आपल्याच आजोबांनी दिला होता. आवाज चढले. शेजारच्या बॅटरीवाल्याने यंत्र बंद करून खुर्ची दारात ओढली.

“तुझ्यासारखा भंगारवाला मला कुटुंब शिकवणार?” काका म्हणाले.

अबू जरीर उठून उभा राहिला. चहाचा पेला खाली पडला. “असं? मग ऐका सगळे! माझ्या बायकोला तलाक, जर या बाईंना मी या दुकानातली एकही रिम विकली तर! एक नाही, चार नाही, चारशे नाहीत!”

वरच्या मजल्यावरची एक खिडकी उघडली आणि हळूच बंद झाली.

तलाकाची शपथ घेतलेल्या माणसाकडून काही विकत घेता येत नाही. पैसे दुप्पट दिले तरी नाही, कारण आता मध्ये त्याचं लग्न उभं असतं. मी पाकीट पिशवीत ठेवलं. त्या दिवशी मी आणखी नऊ दुकानं पाहिली. शंभरच्या वर्तुळाची रिम कुठेच नव्हती. एका ठिकाणी होती, पण मधलं भोक ५७ चं.

परतीच्या वाटेवर मी विचार करत होते की दोन दिवसांत दुसरं काय करता येईल. काका मात्र खुशीत होते. गाडीची काच खाली करून वारा खात म्हणाले, “आता हा विषय रिमचा राहिला नाही.”

“मला रिमच हवी आहे, काका.”

“विकणार नाही म्हणालाय. देणार नाही असं कुठे म्हणालाय? उद्या जाहा घेऊन जाऊ.”

निवृत्त झाल्यापासून काकांचा हाच एक उद्योग आहे. जाहा म्हणजे शिष्टाई. कोणाला मुलगी मागायची असो, अपघातानंतर माफी मागायची असो, वडीलधारी माणसं सोनेरी काठाचे अंगरखे घालून रांगेने त्या घरी जातात. यजमान कडू कॉफी पुढे करतो. म्होरक्या पेला न पिता समोर ठेवतो आणि मागणी सांगतो. मान्य झाली की पेला उचलून पितो, आणि तो प्यायला की विषय कायमचा संपतो. मग त्यावर बोलणारा माणूस हलका ठरतो. काकांच्या नावावर नुसत्या मुली मागण्याच्याच एकसष्ट जाहा होत्या. एकदाही पेला तसाच ठेवून उठायची वेळ आली नव्हती.

घरी आईने सगळं ऐकून एवढंच विचारलं, “त्यांच्या घरी आधी कोणी बोललंय?”

“रिमसाठी काय बोलायचं आधी?” काका म्हणाले. “मुलगी मागतोय का आपण?”

आई कांदा चिरत होती.

शुक्रवारी जुम्म्याच्या नमाजानंतर चार गाड्या निघाल्या. काकांनी अकरा माणसं जमवली होती. त्यांत एक निवृत्त न्यायाधीश होते, एक दातांचे डॉक्टर, आणि एक गृहस्थ केवळ उंच आणि पांढऱ्या दाढीचे होते म्हणून प्रत्येक जाहात घेतले जात. मी त्या बारीक चाकावर चाळीसच्या वेगाने सगळ्यांच्या मागे गेले, कारण मिळालेली रिम कोणाच्या तरी डिकीत घालायची होती आणि न्यायाधीशांच्या डिकीत त्यांची पथारी होती. निघण्याआधी मी काकांना आकड्यांचा कागद दिला. त्यांनी तो घडी करून अंगरख्याच्या आत, छातीशी ठेवला.

“काका, जिन्याशेजारच्या. सात आऱ्यांच्या. करड्या.”

“पोरी, एकसष्ट सुना आणल्या मी. एकही चुकीच्या घरी गेली नाही.”

पुरुष दिवाणखान्यात गेले. मला आत स्वयंपाकघरात बसवलं. तिथे अबू जरीरची बायको, उम्म जरीर, भेंड्यांचे देठ काढत होती. पन्नाशीची, रुंद खांद्यांची बाई. बोटांच्या पेरांत काळं वंगण, कितीही धुतलं तरी न जाणारं.

“तुम्हीच का त्या?” तिने माझ्याकडे बघून विचारलं. “ज्यांच्यासाठी माझा तलाक टांगलाय?”

मी माफी मागितली.

“तुम्ही कशाला? गेल्या महिन्यात एका कार्बोरेटरसाठी टांगला होता. त्याआधी टरबुजासाठी. निवाडा विचारायला एवढे फोन केलेत की मुफ्तीसाहेब आता मला आवाजावरून ओळखतात.” तिने भेंड्यांची अर्धी रास माझ्याकडे सरकवली. “देठ जरा तिरके कापा.”

मधलं दार किंचित उघडं होतं. काकांचा आवाज आला. त्यांनी अल्लाहची स्तुती केली, पैगंबरांवर सलाम पाठवले, दोन्ही घराण्यांची आठवण काढली आणि गव्हाचा विषय या खेपेला दोन्ही आजोबांत वाटून टाकला. मग म्हणाले, “म्हणून आम्ही आज आपल्या खानदानी घरात मागणी घालायला आलो आहोत. आपल्या घरची सुशील, सुसंस्कृत...” इथे ते क्षणभर थांबले, कारण एकसष्ट वेळा या जागी मुलीचं नाव आलं होतं. “...रिम, आमच्या अरीजसाठी.”

“आमीन,” पांढरी दाढी म्हणाली.

“अंगरख्यातला कागद काढा,” मी भेंडीला सांगितलं.

अबू जरीर बोलायला उठला. कालचा माणूस तो नव्हता. एवढी बडी माणसं त्याच्या दिवाणखान्यात आजवर कधी आली नसावीत. आवाजात पाणी होतं. “माझ्या दारात न्यायाधीश आले, डॉक्टर आले. आणि मी काय देऊ? ती पंधरा इंची, जिन्याखालची, धुळीतली? शरम वाटेल मला! अबू फव्वाज, पेला उचला. माझ्याकडे अठरा इंची आहेत, चार, आरशासारख्या, एका मंत्र्याच्या जावयाच्या गाडीच्या. त्या दिल्या! चारही दिल्या! मागे काही देणं नाही, घेणं नाही!”

मी उभी राहिले. सुरी हातात तशीच होती. उम्म जरीरने माझं मनगट धरलं.

“थांबा. ऐका.”

दिवाणखान्यात पेले वाजले. कोणीतरी लांब घुटका घेतला. मग एकदम ‘मुबारक, मुबारक’ सुरू झालं.

“प्यायले?” मी विचारलं.

“प्यायले. बसा आता.”

“त्या एकशे चौदा पूर्णांक तीनच्या असणार,” मी म्हणाले. “मी काल मोजल्या आहेत. वरून दुसरी रांग, पहिला खिळा. मधलं भोक ६७. त्या गाडीला लागणारच नाहीत. आणि रविवारी सकाळी सातला...” मी शूना, प्रयोगशाळा, आदेशाचा दुसरा परिच्छेद, सगळं चुकीच्या क्रमाने सांगितलं. उम्म जरीर भेंड्या कापत ऐकत होती.

“तुमच्याकडून आधी कोणी फोन का केला नाही?” तिने विचारलं. “तुमच्या आईने मला एक फोन केला असता, तर काल रात्रीच ठरलं असतं. मी त्याच्या कानात घातलं असतं, उद्या ते करडी मागतील, तू करडी दे. पुरुष काय, ठरलेलं मोठ्याने म्हणायला येतात. यांना न ठरलेलं म्हणायला सोडलं की असं होतं.”

तेवढ्यात काका मधल्या दाराशी आले, चेहरा उजळलेला. “अरीज, डिकी उघड! एक मागितली, चार मिळाल्या! पंधरा मागितले, अठरा मिळाले!”

“काका, त्या बसणार नाहीत.”

“हळू बोल,” ते कुजबुजले. “कॉफी झाली आहे.”

सल्टला परतल्यावर त्यांनी मला सरळ टायरवाल्याकडे नेलं, कारण उंच गृहस्थांना रिम गाडीवर बघायच्या होत्या. टायरवाल्याने अठरा इंची रिम उचलली, बोल्टांवर धरली, फिरवली, पुन्हा धरली.

“काका, एक बोल्ट आत जातो. बाकीचे चार बाहेरून बघत राहतात.”

“जोर लाव.”

“जोराचं काम नाही, काका. भोकंच एकमेकांपासून लांब आहेत.”

“नवी सून पहिल्या दिवशी रुळते का?” काका उंच गृहस्थांना म्हणाले. “वेळ द्यावा लागतो.” आणि त्यांना घेऊन ते जेवायला गेले. बासष्टावी जाहा साजरी करायची होती.

शनिवारी सकाळी उम्म जरीरचा फोन आला. नंबर तिने आईकडून मिळवला होता, आईचा कोणाकडून मिळवला ते विचारलं नाही. “दुपारी दीडला या. तो मटण-भाताचा मन्सफ खाऊन झोपला की तिसऱ्या प्रहरच्या असरच्या अजानपर्यंत उठत नाही. अठरा इंची घेऊन या. चारही.”

मी पुन्हा चाळीसच्या वेगाने गेले. उम्म जरीर दुकानात उभी होती, पदर खोचावा तसा झगा कमरेत खोचून, हातात लांब आकडी. वरून घोरण्याचा आवाज येत होता.

“शपथेचं काय?” मी विचारलं. तिचं लग्न माझ्या चाकाखाली यावं असं मला वाटत नव्हतं.

“सकाळी मुफ्तीसाहेबांना विचारलं. म्हणाले, बाई, शपथ नवऱ्याने विकण्याची घेतली. त्याने दिल्या, विकल्या नाहीत. आता दिलेली वस्तू दोन बायका आपसांत बदलतात, त्यात तो कुठे आला? शिवाय म्हणाले, त्याला एकदा माझ्याकडे पाठवा.” तिने आकडीने पहिली करडी रिम खाली घेतली. “आणि तसंही, हा काही विकत नाही हो. हा दारात बसून ओरडतो. कोणती रिम कुठल्या गाडीची, ते मी सांगते म्हणून दुकान चालतं. फक्त मी डोळ्याने सांगते. तुमच्यासारखं हत्यार नाही माझ्याकडे.”

आम्ही चारही खाली घेतल्या. मी प्रत्येक रिम उलटी करून कडेवरून बोट फिरवलं, मग सपाट फरशीवर ठेवून गरगर फिरवली आणि कड डगमगते का ते पाहिलं. तिसरीची कड थोडी दबलेली होती, पण तडा नव्हता. मी काही म्हणण्याआधीच तिने सांगितलं, “ती मागे लावा. मागे चालते.” ते बरोबर होतं.

“एकच पुरे मला,” मी म्हणाले.

“चार घ्या. त्याने चार दिल्या ना? संध्याकाळी तो भिंतीकडे बघेल. चार दिल्या, चार नाहीत. हिशेब जुळला की तो पुढे बघत नाही.”

“पण त्याला दिसेल की खालच्या गेल्या आणि वरच्या...”

“वरच्या मी आज संध्याकाळी इरबिदच्या एका माणसाला देते आहे, आणि याला सांगेन की खालच्या दिल्या. त्या रिमचं वर्तुळ काय म्हणालात?”

“एकशे चौदा पूर्णांक तीन. मधलं भोक ६७.”

“मग त्याला बरोबर बसतील.” ती तिच्या मनात काहीतरी मोजत होती. “सोळा वर्षं मी हे अंदाजाने करते. दहातला एक परत येतो. मला वाटायचं, गाड्याच वाकड्या असतात.”

मी कॅलिपर तिच्या हातात दिला आणि दाखवलं. आतलं भोक वरच्या दोन टोकांनी मोजायचं. समोरासमोर भोक नसतं म्हणून पाचच्या रिमला शेजारच्या दोन भोकांतलं अंतर घ्यायचं आणि त्याला १.७ ने गुणायचं. पुरेसं जवळ येतं. तिने भिंतीवरच्या एका सेटवर करून बघितलं, ओठ हलवत गुणाकार केला आणि म्हणाली, “शंभर आठ.” बरोबर होतं. मग तिने दुसरा सेट उतरवला, मग तिसरा. मला घाई होती, पण मी थांबले. कॅलिपर मी तिथेच ठेवून आले. त्याचे पैसे देऊ लागली तेव्हा मी सांगितलं की भेंड्या मी फार जाड कापल्या होत्या, त्याची भरपाई समजा.

“खरंच जाड कापल्या होत्या,” ती म्हणाली.

कोपऱ्यावरच्या टायरवाल्याने माझे चार टायर जुन्या रिमवरून काढून करड्या रिमवर चढवले. प्रत्येक चाक बोल्टांवर सरकलं आणि मधला गोल हलक्या आवाजात बसला, घट्ट झाकणासारखा. नट मी स्वतः आवळले, एक सोडून एक, मग टॉर्क पान्याने पुन्हा. फुटलेल्या रिमवर मी खिळ्याने मोठी फुली ओढली आणि भंगाराच्या ढिगात टाकली, म्हणजे कोणी जोड मारून विकणार नाही.

घरी पोहोचले तर काका दारात उभे होते, बरोबर उंच गृहस्थ. मी गतिरोधकावरून पायी चालणाऱ्याच्या वेगाने गाडी आणली. काकांनी पुढच्या चाकाला वाकून थाप मारली.

“म्हटलं नव्हतं, बसतील?” ते उंच गृहस्थांना म्हणाले. “अठरा इंचीची शान बघा. गाडी कशी उंच वाटते!”

उंच गृहस्थांनी बराच वेळ बघितलं. “मशाल्लाह,” ते म्हणाले. “पण काल चकाकत होत्या.”

“धूळ!” काका म्हणाले. “अम्मानचा रस्ता. अरीज, धू गं उद्या.”

“उद्या मी कामावर आहे, काका,” मी म्हणाले.

“बघा,” काका म्हणाले. “आम्ही मान पणाला लावून रिम आणायच्या, आणि यांना धुवायला वेळ नाही.”

आई दारातून सगळं ऐकत होती. तिने मला आत बोलावून जेवायला वाढलं आणि विचारलं, “उम्म जरीरची भेंडी कशी होती?” मी सांगितलं की मी फक्त कापली, खाल्ली नाही. “मग पुढच्या शुक्रवारी तिला बोलावू,” आई म्हणाली.

रविवारी पहाटे पावणेसहाला मी निघाले. सल्टच्या घरांचे पिवळे दगड अजून करडेच दिसत होते. वादी शुऐबच्या वळणांवर मी गाडी पन्नासवर धरली. स्टिअरिंग हातात शांत होतं. निम्म्या उतारावर कान बंद झाले, मी गिळलं, ते उघडले. खाली केळीच्या बागांवर ओलसर उकाडा होता. सहा वाजून बावन्न मिनिटांनी मी शाळेच्या हजेरीपुस्तकात सही केली. कारकुनाने वेळ बघितली, यादीतल्या पुढच्या नावाकडे बघितलं आणि काहीशा नाराजीने पुस्तक मिटलं.

प्रयोगशाळेची किल्ली मुख्याध्यापिकेने स्वतः दिली. खोली लांब होती, खिडक्या पूर्वेला. मधल्या टेबलावर प्लास्टिकच्या कागदात गुंडाळलेलं प्रकाशाच्या प्रयोगाचं दीड मीटर लांबीचं, कडेला मोजपट्टी असलेलं पोलादी बाक होतं, दोन भिंगधारक, एक मेणबत्तीचा स्टँड. पहिल्या तासाच्या मुली दारात गोळा झाल्या होत्या. मी कागद सोडवला, पट्टीवरची धूळ बोटाने पुसली आणि आधी तिचं शून्य कुठे सुरू होतं ते पाहिलं. ते दोन मिलिमीटर पुढे होतं. मी ते फळ्यावर लिहिलं.